मातृदिन एका रविवारचा, आई मात्र बारा महिन्यांची

सकाळचे साडेसहा वाजलेले असतात. मुंबई-आग्रा महामार्ग आणि नाशिक-पुणे रस्ता जेथे एकमेकांस मिळतात, त्या द्वारका चौकात दिवसाची कोंडी अद्याप सुरू व्हायची असते. उड्डाणपुलाखाली रिक्षा आणि बस यांची वाट पाहत उभ्या असलेल्यांमध्ये स्त्रिया पुष्कळ असतात. कोणी रुग्णालयाच्या सकाळपाळीला निघालेली परिचारिका, कोणी शाळेतील शिक्षिका, कोणी कारखान्यातील कामगार, तर कोणी चार घरची धुणीभांडी करणारी. त्यांच्यापैकी बहुतेक जणी घरातला स्वयंपाक आटोपून, डबे भरून आणि झोपलेल्या मुलांच्या अंगावर पांघरूण सारखे करून निघालेल्या असतात. संध्याकाळी त्या याच चौकात उतरतील आणि घरी पोहोचताच चुलीपुढे उभ्या राहतील.

मे महिन्याच्या दुसऱ्या रविवारी आपल्या अनेक धर्मग्रामांत मातृदिन साजरा होतो. मिस्सा संपल्यावर धर्मगुरू सर्व मातांना वेदीजवळ बोलावतात, त्यांच्यासाठी विशेष प्रार्थना करतात, युवक-युवती गीत गातात, प्रत्येकीच्या हाती गुलाबाचे फूल दिले जाते. हा सोहळा हृद्य असतो आणि तो करू नये असे आमचे मुळीच म्हणणे नाही. परंतु दुसऱ्या दिवशी, सोमवारी सकाळी साडेसहा वाजता, त्याच माता त्याच चौकात त्याच घाईने उभ्या असतात. फूल सुकलेले असते आणि घरातल्या कामाची वाटणी आदल्या दिवशी होती तशीच राहिलेली असते. प्रिय बंधुभगिनींनो, प्रस्तुत लेखात आम्ही विचार करणार आहोत तो त्या सोमवारचा आणि त्यानंतरच्या सर्व दिवसांचा.

प्रथम या दिवसाचा उगम पाहू. अमेरिकेतील वेस्ट व्हर्जिनिया प्रांतात ॲन रीव्हज जार्विस नावाची एक माता होऊन गेली. तिची अनेक मुले बालपणीच दगावली. त्या दुःखातून तिने एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास आपल्या परिसरातील मातांची मंडळे स्थापन केली. ही मंडळे घरोघरी स्वच्छतेची माहिती देत, दुधाची तपासणी करीत, गरिबांसाठी औषधे विकत घेत आणि ज्या घरी आईला क्षयरोग झाला असेल तेथे घरकामासाठी मदतनीस बाई ठेवून देत. १९०५ साली तिचे निधन झाले. तिची कन्या ॲना जार्विस हिने आईच्या स्मरणार्थ १० मे १९०८ रोजी ग्राफ्टन या गावातील मेथडिस्ट मंदिरात पहिली उपासना घडवून आणली, आणि १९१४ साली राष्ट्राध्यक्ष वुड्रो विल्सन यांनी मे महिन्याचा दुसरा रविवार मातृदिन म्हणून घोषित केला. पुढे काय झाले ते लक्षात घेण्यासारखे आहे. फुले, मिठाई आणि छापील शुभेच्छापत्रे विकणाऱ्यांनी हा दिवस ताब्यात घेतला, तेव्हा त्याच ॲनाने त्याविरुद्ध जाहीर मोहीम उघडली आणि १९४८ साली मृत्यू येईपर्यंत तिचा हा रोष कायम राहिला. आईने क्षयग्रस्त घरात मदतनीस पाठवली होती. लोकांनी त्याची छापील कार्डे केली, हे तिला सोसवले नाही.

महाराष्ट्राला या दिवसासाठी परदेशाकडे पाहावे लागत नव्हते, हेही येथे नमूद करावयास हवे. श्रावण अमावास्या म्हणजे पिठोरी अमावास्या. दिनदर्शिकेत तिच्याखाली मातृदिन असे छापलेले असते. आपल्या शेजारच्या हिंदू घरांतून आई त्या दिवशी मुलांच्या आयुष्यासाठी व्रत करते. त्याच दिवशी आपल्याकडे पोळा असतो. वर्षभर नांगराला जुंपलेल्या बैलांना त्या दिवशी विश्रांती मिळते, त्यांची खांदेमळणी होते, त्यांना पुरणपोळी खाऊ घालतात. मात्र पोळ्याची पुरणपोळी करणारी माउली त्या दिवशीही चुलीपुढेच असते. बैलाला सुट्टी आणि आईला उपवास, ही मौज आपल्या ध्यानात सहसा येत नाही.

ख्रिस्तसभेने मात्र मातृत्वाचे स्मरण एका दिवसावर सोपवलेले नाही. आपले उपासनावर्ष उघडून पाहिले तर ते वर्षभर विखुरलेले दिसते. १ जानेवारीला, नागरी वर्षाच्या पहिल्याच दिवशी, आपण पवित्र मरिया देवमाता हिचा सोहळा साजरा करतो. २ फेब्रुवारीला ती बाळाला घेऊन मंदिरात जाते आणि गरिबांना परवडणारे अर्पण, पक्ष्यांची जोडी, वाहते. ३१ मे रोजी तिने अलिशिबेला दिलेल्या भेटीचा सण येतो. ही भेट आपण बहुधा तिच्या स्तोत्रासाठी लक्षात ठेवतो. परंतु संत लूक सांगतो की मरिया तेथे सुमारे तीन महिने राहिली. वयस्क गर्भवतीच्या घरी तीन महिने राहणे म्हणजे पाणी भरणे, दळणे आणि स्वयंपाक करणे हे आलेच. पेंटेकॉस्टनंतरच्या सोमवारी 'मरिया, ख्रिस्तसभेची माता' हा स्मरणदिन पोप फ्रान्सिस यांनी २०१८ साली सर्वत्र लागू केला. २६ जुलैला संत योवाकीम आणि संत अन्ना, म्हणजे येशूचे आजोबा आणि आजी, यांचा सण येतो. त्याच्याच जवळ, जुलैच्या चौथ्या रविवारी, आजी-आजोबा आणि वृद्ध यांचा जागतिक दिवस २०२१ पासून पाळला जातो. २७ ऑगस्टला संत मोनिका, ८ सप्टेंबरला मरियेचा जन्मोत्सव, १५ सप्टेंबरला दुःखी माता, ऑक्टोबरभर माळेची प्रार्थना, ८ डिसेंबरला निष्कलंक गर्भसंभव. नाताळात तर गोठ्यातल्या आईविना काहीच पूर्ण होत नाही.

सप्टेंबर आला की आपल्या नाशिक धर्मप्रांतातील हजारो भाविकांची पावले श्रीरामपूरजवळच्या हरेगावकडे वळतात. मतमाउलीच्या यात्रेला गावोगावच्या मंडळी चालत जातात. नोव्हेना होते, प्रवचने होतात, मेणबत्त्या लागतात. आम्हाला तो भक्तिभाव मनापासून प्रिय आहे. परंतु यात्रेला निघालेल्यांच्या दशम्या आणि चटण्या आदल्या रात्री कोणी बांधल्या, आणि गुरांना चारा घालण्यासाठी घरी कोण मागे राहिले, हे विचारले तर बहुतेक घरांतून एकच उत्तर येते. स्वर्गातील मातेला भेटण्यासाठी घरातील मातेला मागे ठेवून जाणे आपल्या अंगवळणी पडले आहे.

आता आम्ही वाचकांना द्वारकेच्या चौकातून पुणे रस्त्याने नाशिकरोडच्या दिशेने नेऊ इच्छितो. वाटेत बाळ येशूचे तीर्थमंदिर लागते, जेथे फेब्रुवारीच्या यात्रेत पाय ठेवायला जागा नसते. पुढे जेलरोडवर नाशिकचे मध्यवर्ती कारागृह आहे. मातृभक्तीच्या संदर्भात मराठी मनावर सर्वाधिक परिणाम करणारे पुस्तक या कारागृहाच्या भिंतींआड लिहिले गेले, हे नाशिककरांपैकीही अनेकांना ठाऊक नसते.

पांडुरंग सदाशिव साने, म्हणजेच साने गुरुजी, हे स्वातंत्र्यचळवळीतील कैदी म्हणून येथे होते. त्यापूर्वी १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात त्यांनी विनोबांची गीतेवरील प्रवचने टिपून घेतली होती. नाशिकच्या तुरुंगात त्यांनी ९ फेब्रुवारी १९३३ रोजी 'श्यामची आई' लिहावयास घेतले आणि १३ फेब्रुवारीच्या पहाटे ते लेखन थांबवले. पाच दिवसांत मनातला साठा कागदावर उतरला. १९३५ साली पुस्तक प्रसिद्ध झाले. आचार्य अत्रे यांनी त्यावर काढलेल्या १९५३ च्या चित्रपटाला पहिल्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत राष्ट्रपतींचे सुवर्णपदक लाभले. आपल्या घराघरांतून हे पुस्तक वाचले गेले आणि मुलांना बक्षीस म्हणून दिले गेले.

या पुस्तकाची एक बाजू मात्र दुर्लक्षित राहते. गुरुजींच्या मातोश्री यशोदाबाई १९१७ सालीच निवर्तल्या होत्या. त्या वेळी त्यांचा मुलगा शिक्षणासाठी दूर होता आणि अखेरच्या क्षणी तो आईजवळ पोहोचू शकला नाही. म्हणजे हे सारे लेखन आई गेल्यानंतर सोळा वर्षांनी झालेले आहे. ते वाचताना आपले डोळे भरून येतात ते केवळ आईच्या थोरवीने नव्हे. सांगणाऱ्याला आता ते तिला सांगता येत नाही, या जाणिवेनेही येतात. तरीही गुरुजींनी केवळ स्तुती केली नाही. कर्जाने गांजलेले घर, आजारपण, दळणकांडण, लोकांचे टोमणे हे सर्व त्यांनी नोंदले. मुलानेही घरातले काम शिकलेच पाहिजे, हा पत्रावळीचा पाठ त्यांनी त्यात आवर्जून घातला. आईच्या आठवणींनी रडणाऱ्या वाचकाने या पत्रावळीकडेही पाहावे.

याच नाशिकमध्ये, याच काळात, दुसरे एक पुस्तक आकार घेत होते. लक्ष्मीबाई टिळक या ख्रिस्ती कवी रेव्हरंड नारायण वामन टिळक यांच्या पत्नी. नाशिकजवळच्या जलालपूर गावी १८६८ साली त्यांचा जन्म झाला. टिळकांचे घराणे कॅथलिक नव्हे, ते प्रॉटेस्टंट मिशनशी जोडलेले होते. परंतु टिळकांची भजने सर्व मराठी ख्रिस्ती मंडळींनी आपली मानली आहेत आणि लक्ष्मीबाई या आपल्या सर्वांच्याच पूर्वज आहेत, असे आम्ही मानतो. १८९५ साली टिळकांनी बाप्तिस्मा घेतला तेव्हा पतिपत्नींची ताटातूट झाली. सुमारे पाच वर्षांच्या दुराव्यानंतर, सोवळे-ओवळे सांभाळतच, त्या पतीकडे परतल्या आणि १९०० साली त्यांनीही बाप्तिस्मा घेतला. १९१९ मध्ये टिळकांचे निधन झाले.

शाळेचे रीतसर शिक्षण या माउलीला कधीच मिळाले नव्हते. पुढे त्यांचे चिरंजीव देवदत्त यांना वडिलांविषयीच्या आठवणी हव्या होत्या. त्यांनी आईला लिहावयास बसवले. आई लिहू लागली आणि वडिलांच्या आठवणी लिहिता लिहिता तिची स्वतःची कहाणी कागदावर उतरली. 'स्मृतिचित्रे'चा पहिला भाग १९३४ साली प्रसिद्ध झाला. फेब्रुवारी १९३६ मध्ये लक्ष्मीबाई निवर्तल्या. आज मराठीतील श्रेष्ठ आत्मचरित्रांत त्याची गणना होते. पतीचे अपूर्ण राहिलेले 'ख्रिस्तायन' पुढे नेण्याचे कार्यही त्यांनीच अंगावर घेतले.

ही दोन पुस्तके शेजारी ठेवून पाहिली तर एक गोष्ट स्पष्ट होते. मुलगा आईविषयी लिहितो तेव्हा ती उजळून निघते, मोठी होते, जवळजवळ देव्हाऱ्यात जाऊन बसते. आई स्वतः बोलते तेव्हा ती माणूस असते. लक्ष्मीबाईंच्या पुस्तकात राग आहे, भीती आहे, फजिती आहे, पतीच्या विसराळूपणावर आणि उधळ्या औदार्यावर खट्याळ हसू आहे, आणि तरीही अपार प्रेम आहे. यांपैकी कितीतरी गोष्टी मुलगा लिहूच शकला नसता, कारण त्या त्याला ठाऊकच नव्हत्या. त्याने एकच काम केले: आई हयात असताना तिला विचारले, आणि ती सांगत असताना ऐकले.

आमच्या मते आईचा सन्मान या शब्दाचा अर्थ येथे दडलेला आहे. आईला देवी म्हटले की तिच्याशी बोलण्याची आवश्यकता उरत नाही. देवीला थकवा येत नाही, तिला गुडघेदुखी नसते, तिला भाजी चिरून द्यावी लागत नाही. 'माझी आई म्हणजे त्यागाची मूर्ती' असे भाषण करून आलेला मुलगा जेवल्यावर ताट जागेवरच ठेवून उठतो. त्याला त्यात विसंगती वाटत नाही, कारण मूर्तीचा त्याग हा तिचा स्वभाव आहे, असे आपण त्याला लहानपणापासून शिकवले आहे.

हा भार किती, याची मोजदाद सरकारने केलेली आहे. राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालयाच्या वेळ-वापर सर्वेक्षणानुसार २०१९ साली घरकाम करणाऱ्या स्त्रीचे दिवसाकाठी सरासरी २९९ मिनिटे त्यात जात होती. जे पुरुष घरकाम करीत होते, त्यांची ९७. आणि असे पुरुष होते तरी किती? शंभरांत सव्वीस. स्त्रिया शंभरांत एक्क्याऐंशी. २०२४ च्या सर्वेक्षणात स्त्रियांची मिनिटे २८९ झाली आणि पुरुषांची ८८. स्त्रियांचे दहा मिनिटांनी घटले हे खरे, परंतु पुरुषांचेही नऊ मिनिटांनी घटले. तेव्हा भार वाटून घेतल्यामुळे तो हलका झाला, असे काही म्हणता येत नाही. २८९ मिनिटे म्हणजे चार तास एकोणपन्नास मिनिटे. द्वारकेच्या चौकात साडेसहाला उभ्या असलेल्या परिचारिकेची आठ तासांची पाळी यात धरलेली नाही.

आता एक कटू विषय. देवाच्या आज्ञांपैकी चौथी आज्ञा आपण लहानपणी प्रश्नोत्तरीतून पाठ केली: आईबापांचा मान राखण्याची. आपण ती लहान मुलांसाठी आहे असे समजतो. मोठ्यांचे ऐकावे, उलट बोलू नये, एवढाच तिचा अर्थ घेतो. परंतु प्रभू येशूने या आज्ञेविषयी जे कठोर शब्द काढले, ते लहान मुलांना उद्देशून नव्हते. संत मार्कच्या शुभवर्तमानाचा सातवा अध्याय उघडून पाहावा. त्या काळी काही लोक आपली मिळकत 'कुर्बान', म्हणजे देवाला वाहिलेली, असे जाहीर करीत आणि मग त्या मिळकतीतून वृद्ध मातापित्यांना काही देण्याच्या जबाबदारीतून मोकळे होत. धर्माच्या नावाने आईची उपेक्षा करण्याची ही सोय होती. येशूने ती उघडी पाडली आणि परंपरेच्या आडून देवाची आज्ञा मोडल्याचा आरोप त्यांच्यावर ठेवला.

म्हणजे चौथी आज्ञा ही मुख्यतः मिळवत्या, प्रौढ मुलांसाठी आहे आणि तिच्यात पैशाचा संबंध आहे. मंदिराच्या बांधकामाला मोठी देणगी देऊन संगमरवरावर नाव कोरून घेणारे, आणि गावाकडच्या आईच्या मोतीबिंदूची शस्त्रक्रिया 'पुढच्या वर्षी बघू' म्हणणारे, अशी माणसे आपल्यात नाहीत काय? धर्मगुरूंनाही हे सांगणे अवघड जाते, कारण देणगी त्यांच्याच हाती येते. तरीही ते सांगितले गेले पाहिजे.

नाशिक हे स्थलांतरितांचे शहर आहे. आपल्या धर्मग्रामांतील कितीतरी कुटुंबे श्रीरामपूर, संगमनेर, राहुरी या तालुक्यांतून नोकरीसाठी येथे आली. मुले येथे वाढली, पुढे काही पुण्या-मुंबईला, काही आखाती देशांत गेली. आई एक तर गावी एकटी राहिली किंवा शहरात येऊन नातवंडे सांभाळू लागली. गावी राहिलेल्या आईला दूरध्वनी जातो, परंतु बहुधा रविवारीच आणि बहुधा 'पैसे मिळाले का' एवढ्यापुरता. शहरात आलेल्या आईची स्थिती कधी कधी अधिक बिकट असते: तिच्या वयाचे कोणी नाही, बोलीवर नातवंडे हसतात, चौथ्या मजल्यावरून उतरून एकटीने मिस्सेला जाणे होत नाही. अशी घरे आपणा सर्वांच्या परिचयाची आहेत.

ज्या मातांवर याहून वाईट वेळ आली असेल, त्यांच्यासाठी कायद्याचा आधार आहे आणि तो माहीत असणे आवश्यक आहे. २००७ साली संसदेने आईवडील व ज्येष्ठ नागरिक यांच्या चरितार्थ व कल्याणाचा कायदा केला. त्यानुसार स्वतःचा निर्वाह करू न शकणारी आई प्रांताधिकारी स्तरावरील न्यायाधिकरणाकडे मुलांविरुद्ध चरितार्थासाठी अर्ज करू शकते. आई या शब्दात दत्तक घेतलेली आणि सावत्र आईदेखील येते, आणि आईवडिलांना साठ वर्षे पूर्ण होण्याची अट नाही. मासिक दहा हजार रुपयांपर्यंत रक्कम ठरवता येते. सांभाळ करण्याच्या अटीवर मुलाच्या नावे केलेले घर, त्याने सांभाळ न केल्यास, परत मिळवण्याची तरतूदही २३ व्या कलमात आहे. २ जानेवारी २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने याच कलमाच्या आधारे एका आईने मुलाला दिलेले बक्षीसपत्र रद्द ठरवले. कोणत्याही आईला मुलावर अर्ज करण्याची हौस नसते. पण कागदावर अंगठा देण्यापूर्वी तिला हे कोणी तरी समजावून सांगावे, आणि हे काम धर्मग्रामातील एखाद्या जाणत्या वकील बंधूने किंवा भगिनीने हाती घेतले तर फार बरे होईल.

नावाचीही एक गोष्ट आहे. आपल्याकडे मुलाच्या नावापुढे वडिलांचे नाव येते, आईचे येत नसे. महाराष्ट्र शासनाने २०२४ साली निर्णय घेतला, त्यानुसार १ मे २०२४ रोजी वा त्यानंतर जन्मलेल्या बालकांच्या शासकीय कागदपत्रांवर बालकाचे नाव, मग आईचे नाव, मग वडिलांचे नाव आणि शेवटी आडनाव अशी नोंद होते. ख्रिस्तसभेच्या बाप्तिस्म्याच्या नोंदवहीत मात्र दोन्ही पालकांची नावे लिहिण्याचा नियम पूर्वीपासूनच आहे. १९८३ च्या कायदेसंहितेच्या ८७७ व्या कलमातही तो सांगितला आहे. ज्यांना आपल्या आजीचे वा पणजीचे नाव माहीत नाही, त्यांनी आपल्या मूळ धर्मग्रामाच्या कार्यालयात विचारून पाहावे. कित्येकदा त्या स्त्रीचे नाव जगात फक्त त्या एका वहीत उरलेले असते.

मातृदिनाच्या सोहळ्याबद्दल आयोजकांना आमची एक विनंती आहे. 'सर्व मातांनी पुढे यावे' अशी घोषणा होते, तेव्हा बाकांवर काही स्त्रिया बसून राहतात. कोणाला मूल झालेले नाही. कोणाचे मूल गेले आहे, आणि पुढे जावे की न जावे हे तिला कळत नाही. कोणी अविवाहित राहून भावंडांना वाढवले आहे. त्या क्षणी खाली घातलेल्या माना आम्ही पाहिल्या आहेत. दुःखी मातेचा स्मरणदिन, १५ सप्टेंबर, हा मूल गमावलेल्या मातांसाठी प्रार्थना करण्यास योग्य दिवस आहे. तो आपल्याकडे सहसा शांतपणे निघून जातो. आणि ज्यांनी दुसऱ्यांची मुले वाढवली त्या सर्व स्त्रियांना, आपल्या धर्मभगिनींसह, त्या गुलाबाच्या फुलाचा अधिकार आहे. क्रुसाखाली येशूने आपली आई शिष्याच्या हाती सोपवली आणि त्या शिष्याला आईच्या हाती सोपवले. तेथे रक्ताचे नाते नव्हते. शुभवर्तमान पुढे एवढेच सांगते की त्या घटकेपासून शिष्याने तिला आपल्या घरी नेले.

घरी काय करावे, असे वाचक विचारतील. ज्याने त्याने आपापल्या घराकडे पाहून ठरवावे. परंतु काही गोष्टी आम्ही सुचवू शकतो. सणाच्या दिवशी आई मिस्सेला वेळेवर पोहोचेल अशा बेताने स्वयंपाक आखावा, आणि ते शक्य नसेल तर त्या दिवशी एक पदार्थ कमी करावा. नाताळच्या करंज्या लाटायला मुलगे आणि त्यांचे वडील बसले म्हणून करंज्या बिघडत नाहीत. पहिल्या घाण्यातल्या काही फुटतील, एवढेच. आईची औषधे, चष्मा, दातांचे दुखणे यांसाठी तिने दोनदा सांगण्याची वाट पाहू नये, कारण ती बहुधा एकदाही सांगत नाही. तिच्या हाती काही रक्कम अशी असावी की जिचा हिशेब कोणी विचारणार नाही. सासूच्या बाबतीतही हे सर्व लागू आहे, हे वेगळे सांगावयास नको, तरी सांगून ठेवतो.

आणि देवदत्त टिळकांनी केले ते प्रत्येकाला करता येण्यासारखे आहे. त्यासाठी आई लेखिका असण्याची आवश्यकता नाही, लक्ष्मीबाईही नव्हत्या. एक दोनशे पानी वही घ्यावी, किंवा भ्रमणध्वनीवर आवाज नोंदवावा. आई भाजी निवडत असताना आपणही शेजारी बसून भाजी निवडावी, म्हणजे बोलणे आपोआप सुरू होते. समोर वही घेऊन मुलाखतीसारखे बसले तर ती म्हणेल, 'माझं काय सांगायचं?' आणि उठून जाईल. मोठे प्रश्न विचारू नयेत. माहेरच्या गावातले मंदिर कसे होते, मिस्सेला किती कोस चालत जात, धर्मगुरू महिन्यातून किती वेळा येत, पहिल्या कम्युनियनचा झगा कोणी शिवला होता, बहात्तरच्या दुष्काळात घरात काय शिजत होते, नाशिकला प्रथम आली तेव्हा कोठे उतरली, पहिला पगार किती होता आणि त्याचे काय केले, असे विचारावे. कोणते गाणे तिला येत होते आणि ती ते कधीपासून म्हणेनाशी झाली, हेही विचारावे. उत्तर येता येता ती मध्येच थांबेल, डोळे पुसेल किंवा हसेल. त्या वेळी दुसरा प्रश्न विचारण्याची घाई करू नये. भाजी संपेपर्यंत बसून राहावे.